एकशे अठरा क्रमांकाचा शब्द

मंगळवारी दुपारी साडेतीनला एका शाळेतल्या विज्ञानाच्या बाईंचं पत्र आलं आणि संपादकांच्या तोंडचं पाणी पळालं. पत्र तसं चार ओळींचंच होतं. 'आपल्या कार्यालयाने काढलेल्या जनुकशास्त्र परिभाषा पुस्तिकेत प्रथिन या शब्दापुढे ओलसर जागी वाढणारा, हरितद्रव्य नसलेला सजीव असे छापले आहे. माझ्या वर्गातल्या बेचाळीस मुलांनी ते पाठ केले आहे. पुढे काय करावे ते कळवावे.'

संपादक म्हणजे खरं तर साहाय्यक संपादक. पण ते राहत त्या इमारतीत 'साहाय्यक' हा शब्द जिन्यातच कुठेतरी गळून पडला होता आणि तो उचलून परत लावायची घाई त्यांनी कधी केली नव्हती. नव्या शास्त्रांतल्या परक्या शब्दांना मराठी शब्द शोधायचे, त्यांच्यापुढे अर्थ लिहायचा आणि पुस्तिका छापायची, हे त्यांच्या कार्यालयाचं काम. संपादक स्वतः भाषेचे. पेशीच्या आत काय चालतं याच्याशी त्यांचा संबंध आपल्या खिडकीबाहेरच्या रहदारीशी होता तेवढाच, म्हणजे आवाज ओळखीचा, पण कोण कुठे चाललंय याची कल्पना नाही.

त्यांनी पुस्तिका उघडली. प्रथिनापुढे खरोखरच बुरशीचा अर्थ छापला होता. बुरशीपुढे छापलं होतं, 'आईच्या पोटातील जीवाची पहिली अवस्था.' वंशवेल या शब्दापुढे लिहिलं होतं, 'जनुकातले एक अक्षर गळाले असता पुढील सर्व अक्षरे सरकून वाचली जाणे व भलतेच प्रथिन तयार होणे.' हा अर्थ वंशवेलीचा नव्हता, पण पुस्तिकेचं काय झालंय ते त्यानं फार नेमकं सांगितलं. एक अर्थ कुठेतरी गळाला होता आणि पुढचे सगळे एकेक घर वर सरकले होते. संपादक बोट ठेवत ठेवत मागे गेले. एकशे पंचेचाळीस, एकशे तीस, एकशे वीस. बोट एकशे अठरावर आलं आणि तिथंच थांबलं.

एकशे अठरा, प्रकटता. इंग्रजीतला पेनेट्रन्स.

"अरे देवा," संपादक मोठ्यानं म्हणाले. समोरच्या टेबलावरचे टंकलेखक दचकले.

झालं होतं असं. पुस्तिका छापून आली तेव्हा कोठाराच्या भिंतीला ओल आली होती, म्हणून संपादकांनी पंचवीस प्रती घरी आणल्या आणि इमारतीत घरोघर वाटल्या. शेवटच्या पानावर, अगदी तळाशी, मुंगीएवढ्या अक्षरात त्यांचं नाव होतं. तिथं ते स्वतःच्या हातानं एक बाण काढून देत. वरच्या मजल्यावरच्या विमावाल्यांनी ती प्रत फ्रिजच्या तोकड्या पायाखाली सरकवली, म्हणून संपादक त्यांच्याशी आठ दिवस बोलत नव्हते. पण तळमजल्यावरच्या कारागिरांनी मात्र पुस्तिका काचेच्या कपाटात ठेवली होती, दुरुस्तीला आलेल्या घड्याळांच्या शेजारी.

कारागीर घड्याळं दुरुस्त करत. रस्त्याकडे तोंड करून दुकान, मागे दोन खोल्यांचं घर. डोळ्याला भिंग लावून ते तांदळाच्या दाण्याहून बारीक स्क्रू चिमट्यानं उचलत आणि जागच्या जागी बसवत. त्यांच्या वडिलांचे डोळे अठ्ठेचाळिसाव्या वर्षी गेले, चुलत्यांचे पन्नाशीत. कडेकडेनं अंधार आत येत गेला आणि एक दिवस मधोमध मिळाला. कारागिरांना आता चव्वेचाळिसावं लागलं होतं. वहिनींनी, म्हणजे त्यांच्या बायकोनं, हट्ट धरला म्हणून त्यांनी मोठ्या रुग्णालयात जाऊन रक्त तपासून घेतलं. सहा आठवड्यांनी अहवाल हातात आला. घराण्यातला तो दोष त्यांच्यातही होता, आणि त्यापुढे लिहिलं होतं, पेनेट्रन्स सत्तर टक्के. याचा अर्थ सांगणाऱ्या बाईंची भेट दोन महिन्यांनंतरची होती.

रविवारी सकाळी ते अहवाल घेऊन संपादकांकडे वर आले. "दोन महिने हा शब्द उशाशी घेऊन कसा झोपू?" म्हणाले.

आता असं कुणी आपल्या दारात येऊन म्हटलं की माणसाची छाती फुगणारच. संपादकांनी चष्मा पुसला, पुस्तिका उघडली आणि घसा साफ करून एकशे अठरावा अर्थ वाचून दाखवला. 'गुणधर्म किती तीव्रतेने दिसतो, ते प्रमाण.'

"म्हणजे होणारच?" कारागिरांनी विचारलं.

"होणारच," संपादक म्हणाले, कारण छापलेल्या अर्थात 'कदाचित' हा शब्द कुठे नव्हता. "पण पूर्ण नाही. सत्तर टक्के."

"म्हणजे तीस टक्के नजर राहील."

"राहील."

कारागिरांनी आपल्या हातांकडे पाहिलं. "तीस टक्क्यांत घड्याळ होत नाही," म्हणाले, "पण जिना होतो. पोरीचं तोंड दिसतं." मग उठून त्यांनी संपादकांचा हात दोन्ही हातांत धरला. "नक्की कळलं ते बरं झालं. उपकार झाले तुमचे." संपादक रविवारभर त्या वाक्यावर खूश होते. बायकोला त्यांनी ते तीनदा सांगितलं, आणि तिसऱ्या वेळी तिनं कुकरच्या शिट्टीकडे लक्ष असल्याचं दाखवलं.

आणि आता मंगळवार. प्रकटतेचा खरा अर्थ एक घर वर सरकून एकशे सतराव्या शब्दापुढे जाऊन बसला होता. 'दोष असलेल्या शंभर व्यक्तींपैकी किती जणांत तो प्रत्यक्ष दिसून येतो, ते प्रमाण.' संपादकांनी तो चार वेळा वाचला. म्हणजे शंभरातल्या सत्तर जणांचे डोळे जातात आणि तीस जणांचे शेवटपर्यंत शाबूत राहतात. कारागिरांना जे सांगितलं होतं त्यातलं एक अक्षर खरं नव्हतं. होणारच, हे खोटं. तीस टक्के राहील, हेही खोटं.

हे कसं झालं ते ऐका. कार्यालयात शब्द ठरवणारी उपसमिती वेगळी आणि अर्थ लिहिणारी वेगळी, कारण दोघी एकत्र बसल्या तेव्हा पहिल्याच बैठकीत कपबशी फुटली होती. शब्दांची यादी एकीकडून येते, अर्थांची दुसरीकडून, आणि साहाय्यक संपादकांनी क्रमांकाला क्रमांक लावून त्या जोडायच्या. अर्थांच्या यादीत कुणीतरी दोन छोटे अर्थ एकाच ओळीत टंकले होते आणि चौतीस शब्दांनंतर एका लांब अर्थाचे दोन तुकडे करून हिशेब परत जुळवला होता. त्यामुळे शेवटचा क्रमांक बरोबर आला, आणि शेवटचा क्रमांक बरोबर आला की संपादक निर्धास्त होत. शुद्धलेखन त्यांनी स्वतः तपासलं होतं. एक वेलांटी चुकलेली नव्हती. अर्थ तपासायचा रकाना छापील तक्त्यात नव्हताच.

ते साहेबांकडे गेले. साहेबांनी पत्र वाचलं, पुस्तिका चाळली आणि म्हणाले, "शुद्धिपत्रक काढू. दोन्ही उपसमित्यांची मंजुरी लागेल."

"कधी मिळेल, साहेब?"

"शब्दवाले सम महिन्यात बसतात, अर्थवाले विषम. धरा चार महिने."

"पण साहेब, एका माणसाला मी तोंडी सांगितलंय. ते तरी तोंडी दुरुस्त करतो."

साहेबांनी चष्म्यावरून पाहिलं. "तोंडी? कार्यालयानं एक छापायचं आणि कार्यालयाच्या माणसानं बाहेर दुसरंच सांगत फिरायचं? नोकरीला किती वर्षं राहिली?"

"चार."

"मग चार महिने काढा. शुद्धिपत्रक निघेपर्यंत छापलाय तोच अर्थ."

संपादक घरी आले ते भिंतीच्या कडेकडेनं, कारागिरांचं दुकान टाळून, मागच्या जिन्यानं. बायकोनं त्यांचं तोंड बघितलं आणि हातातली भाजी खाली ठेवली. सगळं ऐकून ती म्हणाली, "अहो, मग आत्ताच्या आत्ता खाली जा आणि सांगा. माझी चूक झाली, एवढंच तर म्हणायचंय."

"एवढंच?" संपादक म्हणाले. "त्यांच्या डोळ्यांचा प्रश्न आहे."

"म्हणूनच म्हणते."

जिन्यात विमावाले भेटले. ज्या माणसाशी आपण आठ दिवस बोललेलो नाही, त्याच्यापाशी मन मोकळं करायला फार सोपं जातं असं दिसतं, कारण संपादकांनी त्यांना सगळं सांगून टाकलं. विमावाल्यांचं तोंड एकदम धंद्याचं झालं. "एक शब्द बोलू नका," ते कुजबुजले. "चूक कबूल केली की जबाबदारी आली. आणि सांगायचंच असेल तर हप्त्यानं सांगा. आज म्हणा, सत्तर नसून पासष्ट असावं. पुढच्या महिन्यात साठ. माणूस हळूहळू तयार होतो."

"अहो, पण खरं असं आहे की एकतर शून्य, नाहीतर शंभर."

"मग हप्ता बसत नाही," विमावाले म्हणाले आणि भराभर वर निघून गेले.

कारागिरांचं दार उघडंच होतं. आत ते जमिनीवर मांडी घालून बसले होते, डोळ्यांवर घट्ट टॉवेल बांधलेला, समोर उघडलेलं गजराचं घड्याळ. वहिनी हातात वेळ मोजायचं घड्याळ घेऊन शेजारी. कारागीर बोटांनी एकेक चाक चाचपत होते. चुकीच्या जागी लावलं की वहिनी "नाही" म्हणत आणि ते पुन्हा काढत. दरवाजाच्या चौकटीला दोरी बांधलेली होती, ती थेट न्हाणीघरापर्यंत गेली होती. त्यांची दहा वर्षांची मुलगी दोरीला धरून, डोळे मिटून, खेळ असल्यासारखी चालत होती.

"या भाऊजी," वहिनी उठल्या. "बघा ना, कालपेक्षा चार मिनिटं कमी लागली. तुम्ही त्या दिवशी नीट सांगितलंत म्हणून हे सावरले. नाहीतर सहा आठवडे घरात कुणाला झोप नव्हती." त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. "शनिवारी दुकानाची सही आहे. मोबाइलची कव्हरं विकणारे घेतायत. सगळं नक्की झालं की मग भीती वाटत नाही बघा."

टॉवेलखालून कारागीर म्हणाले, "संपादक, कागदपत्रं एकदा नजरेखालून घाला. शब्दांचं काम तुमचं."

आता बोला, असं संपादकांनी स्वतःला सांगितलं. तोंड उघडलंही. पण घशातून जो आवाज आला तो सुतारपक्ष्याचा असता तरी चाललं असतं, इतका त्याचा अर्थाशी संबंध नव्हता. त्यांनी कागद घेतले, जिना चढले आणि अंथरुणावर पालथे पडले.

बुधवारी सकाळी एक नवीनच भीती उगवली. रविवारचा अर्थ चुकीचा होता, हे ठीक. पण मंगळवारचा तरी बरोबर कशावरून? तोही त्याच पुस्तिकेतला. पुन्हा खाली जाऊन पुन्हा चुकीचं सांगितलं तर? त्यांनी समितीतल्या प्राध्यापकांना फोन लावला. प्राध्यापक म्हणाले, "प्रकटता हा शब्द माझा. तीन बैठका भांडून मिळवलाय. अर्थाचं विचारू नका, मी शब्द उपसमितीत आहे." अर्थ उपसमितीतले डॉक्टर परदेशी मुलाकडे गेले होते आणि त्यांचा फोन कुत्र्यानं चावला होता, असं त्यांच्या सुनेनं सांगितलं. संपादकांना हे खरं वाटेना, पण विचारायचा धीर झाला नाही.

म्हणून गुरुवारी त्यांनी रजा टाकली आणि रुग्णालय गाठलं. चौकशीच्या खिडकीत एक बाई होत्या.

"मला एका शब्दाचा अर्थ विचारायचाय," संपादक म्हणाले.

"रुग्ण तुम्ही?"

"नाही."

"नातेवाईक?"

"शेजारी."

"शेजाऱ्याला रकाना नाही. नवीन कागद काढा तुमच्या नावानं, मग आत जाता येईल." बाईंनी नाव लिहून घेतलं. "तक्रार काय?"

"तक्रार नाही हो. अर्थ."

बाईंनी तक्रारीच्या रकान्यात 'दृष्टी' असं लिहिलं, बहुधा संपादक डोळे बारीक करून तो रकाना वाचायला वाकले म्हणून. कागद हातात पडला आणि त्यांना एका बाकावर बसवलं गेलं. दहा मिनिटांनी एक परिचारिका आली, "मान मागे, वर बघा," म्हणाली, आणि काय चाललंय हे विचारेपर्यंत दोन्ही डोळ्यांत थेंब पडले होते. झोंबले. "मी नुसतं विचारायला आलोय!" संपादक ओरडले. "सगळे असंच म्हणतात," परिचारिका म्हणाली आणि पुढच्या मानेकडे वळली.

हळूहळू हातातल्या कागदावरची अक्षरं फुगली, विरघळली आणि नाहीशी झाली. संपादकांनी कागद जवळ धरला, लांब धरला. काही नाही. आपले डोळे गेले, देवानं जागच्या जागी शिक्षा दिली, असं त्यांना मनापासून वाटलं. त्यांनी शेजारच्या माणसाचा हात धरला आणि बराच वेळ सोडलाच नाही. त्या माणसानंही तो सोडवून घेतला नाही, कारण त्याच्याही डोळ्यांत थेंब होते आणि त्यालाही कुणाचा तरी हात हवाच होता.

शेवटी आतल्या खोलीत त्यांची गाठ पडली ती समजावून सांगणाऱ्या बाईंशी. संपादकांना त्यांच्या जागी फक्त एक निळा धब्बा दिसत होता. त्या धब्ब्यापुढे त्यांनी सगळं ओकलं. पुस्तिका, चौतीस शब्द, साहेब, दोरी, टॉवेल, शनिवार.

बाई शांतपणे म्हणाल्या, "तुमचा दुसरा अर्थ बरोबर आहे. या दोषाची शंभर माणसं घेतली तर सत्तरांचे डोळे जातात. उरलेल्या तिसांच्या रक्तात दोष असतो, पण त्यांना म्हातारपणापर्यंत स्वच्छ दिसतं. अर्धवट वगैरे नाही, नीट दिसतं."

"मग कारागीर सत्तरातले की तिसातले?"

"ते सांगता येत नाही."

"तुम्हाला?"

"कुणालाच. दरवर्षी तपासायचं आणि वाट बघायची. त्यांना सोमवारी घेऊन या, मी भेट अलीकडे घेते." मग त्या म्हणाल्या, "पण ही पुस्तिका कुठली? जाड पांढऱ्या कागदाची? ती तर बाहेर ठेवलीय. तुमच्या कार्यालयानं शंभर पाठवल्या."

बाहेर बाकांवर साठ-सत्तर माणसं बसलेली, प्रत्येकाच्या मांडीवर अहवाल, आणि मधल्या टेबलावर एकशे अठरा क्रमांकाचा शब्द, शंभर प्रतींत. संपादक उठले, दाराला आपटले, बाहेर धावले आणि दिसतील तेवढे पांढरे चौकोन गोळा करू लागले. टेबलावरचे घेतले, बाकांवरचे घेतले, एका आजींच्या मांडीवरचा ओढला. "वाचू नका! चुकीचं आहे!" असं ओरडतही होते. आजी किंचाळल्या, कारण तो चौकोन म्हणजे त्यांच्या डोळ्यांची फाइल होती.

रखवालदारानं त्यांना दंडाला धरलं.

"मी चोर नाही," संपादक म्हणाले. "मी या पुस्तिकेचा संपादक आहे. शेवटचं पान बघा."

रखवालदारानं पान उलटलं आणि नाक टेकवून वाचलं. "इथं साहाय्यक लिहिलंय."

एवढी वर्षं जिन्यात पडलेला तो शब्द असा भर रुग्णालयात, सत्तर माणसांदेखत सापडला. "साहाय्यक," संपादक हळूच म्हणाले.

"मग स्वतःचंच पुस्तक पळवता कशाला?"

"चुकलंय म्हणून."

"चुकलंय तर वाटलंत कशाला?"

तेवढ्यात त्या बाई बाहेर आल्या, त्यांनी पुस्तिका एका खोक्यात भरून आपल्या कपाटात बंद केल्या आणि आजींची माफी मागितली. चार महिन्यांचं काम चार मिनिटांत झालं, पण त्याचा आनंद होण्याइतका जीव संपादकांत उरला नव्हता.

घरी चालत यायला एरवी वीस मिनिटं लागत. त्या दिवशी तास लागला. संध्याकाळचं ऊन डोळ्यांत सुया खुपसत होतं. पदपथ कुठे संपतो ते पायाला लागल्यावर कळत होतं. अंगावर काहीतरी मोठं धावून आलं, भोंगा वाजला, ते भिंतीला चिकटले आणि तिथंच उभे राहिले. थेंबांचा परिणाम रात्रीपर्यंत उतरेल असं परिचारिकेनं सांगितलं होतं. त्यांना हे माहीत होतं, तरी ते भिंत सोडेनात. हा माणूस गेले चार दिवस हेच टॉवेल बांधून शिकतोय, आणि तेही आपल्या सांगण्यावरून, असं त्यांच्या मनात आलं आणि त्यांना रडू आलं. भर रस्त्यात, पन्नाशी उलटलेला माणूस, हातरुमाल शोधत. रुमालही सापडेना.

दुकान त्यांना कानांनी सापडलं. आत तीसएक घड्याळं टिकटिकत होती.

"कोण, संपादक?" कारागिरांचा आवाज आला. "या. हे कव्हरवाले आलेत, फळ्यांची मापं घेतायत."

"कारागीर, मी चुकलो," संपादक दारातच म्हणाले, कारण आत गेलो तर पुन्हा सुतारपक्षी होईल अशी त्यांना भीती होती. "मी सांगितलेला अर्थ चुकीचा होता. सत्तर टक्के नजर जात नाही. शंभरातल्या सत्तर माणसांची सगळी जाते, आणि तीस माणसांना कधीच काही होत नाही."

मापाची पट्टी सर्रकन गुंडाळल्याचा आवाज झाला. वहिनी मागच्या दारात येऊन उभ्या राहिल्या असाव्यात, बांगड्या वाजल्या.

"मी कुठल्यात?" कारागिरांनी विचारलं.

"माहीत नाही."

"पुस्तकात बघा."

"पुस्तकात नाही. रुग्णालयातही नाही. कुणालाच माहीत नाही, मी विचारून आलोय."

कारागिरांचा आवाज चढला. "रविवारी माझ्याकडे तीस टक्के होते. मोजून तीस. मी त्यात घर बसवलं, जिना बसवला, पोरीला दोरीला धरून चालवलं. ते तीस आज तुम्ही परत घेऊन चाललात?"

"हो," संपादक म्हणाले. "मला क्षमा करा."

"आणि मंगळवारी आला होतात तेव्हा माहीत होतं?"

"माहीत होतं. भीती वाटली."

"कशाची? डोळे माझे आहेत!"

"तुमची तोंडं उतरतील याची," संपादक म्हणाले. "वहिनी आभार मानत होत्या."

वहिनींनी स्टूल सरकवलं आणि संपादकांना धरून बसवलं, तेव्हा कुठे त्यांना कळलं की या माणसाला दिसत नाहीये. "भाऊजी, डोळ्यांना काय झालं?" त्यांनी विचारलं. संपादकांनी थेंबांचं सांगितलं. आजींच्या फाइलचंही सांगितलं. कव्हरवाले हसले आणि लगेच गप्प झाले.

कारागिरांनी काचेचं कपाट उघडलं, पुस्तिका काढली आणि संपादकांच्या मांडीवर ठेवली. हातात पेन दिलं. "आत्ता बोललात ते इथं लिहा. एकशे अठरापुढे. खाली सही करा."

"शुद्धिपत्रक निघेपर्यंत आम्हाला…" संपादकांनी सुरुवात केली आणि थांबले. चार वर्षांची नोकरी डोळ्यांपुढे आली, म्हणजे आली असती, डोळ्यांपुढे काही दिसत असतं तर. "कुठे लिहू? मला ओळ दिसत नाही."

कारागिरांनी त्यांचं बोट धरून कागदावर टेकवलं. संपादक लिहीत गेले. ओळ वर गेली, खाली आली, एका अक्षरावर दुसरं चढलं, एक शब्द समासातून बाहेर थेट गुडघ्यावर उतरला. शंभरातल्या सत्तरांची दृष्टी जाते. तिसांची जात नाही. यांचे काय होईल ते कुणीही सांगू शकत नाही. मग सही, आणि सहीखाली, जन्मात पहिल्यांदा आपणहून, साहाय्यक संपादक.

कारागिरांनी पुस्तिका उचलली. भिंग घेतलं नाही. दाराच्या उजेडाकडे वळून त्यांनी ते वाकडंतिकडं, एकात एक अडकलेलं लिखाण सगळं वाचलं, मोठ्यानं, न अडखळता, एक शब्द न गाळता.

"कव्हरवाल्यांना सांग," ते वहिनींना म्हणाले, "शनिवारी नको."

कव्हरवाले शेजारीच उभे होते, पण वहिनींनीच विचारलं, "मग कधी या म्हणू?"

"ते कुणीही सांगू शकत नाही," कारागीर पुस्तिकेवर बोट ठेवून म्हणाले. "हे बघ, लेखी आहे. सहीनिशी."